सूज उतरली तरी औषध सोडू नका : लहान मुलांतील नेफ्रोटिक सिंड्रोम



लेकरू सकाळी उठते तेव्हा त्याचे डोळे सुजलेले असतात. दुपारपर्यंत सूज थोडी कमी होते. घरचे म्हणतात, मच्छर चावला असेल, रात्री जास्त झोपले असेल. चार-आठ दिवसांत पाय जड दिसू लागतात, मोज्यांचे वळ उमटतात, पोट फुगते, चड्डीचे इलॅस्टिक घट्ट होते. शेजारीण म्हणते, "लेकरू बाळसं धरतंय." पण हे बाळसे नसते, अंगात साठलेले पाणी असते.

हा आजार म्हणजे नेफ्रोटिक सिंड्रोम. नाव अवघड आहे, आजार समजायला अवघड नाही. वस्त्यांमध्ये फिरताना आम्हाला अशी लेकरे भेटतात. त्यांतल्या बहुतेकांचे नुकसान औषध न मिळाल्याने होत नाही, औषध मध्येच सोडल्याने होते. सूज उतरली की गोळ्या बंद होतात आणि दोन महिन्यांनी तेच लेकरू पुन्हा सुजून, कधी तापाने फणफणून, दवाखान्यात येते. म्हणून या लेखातून एक गोष्ट घरात पक्की बसवून घ्या. सूज उतरणे म्हणजे आजार जाणे नव्हे. आजार गेला की नाही हे सकाळची लघवी सांगते, आणि ती तपासणे आईबापांच्या हातात आहे.

शरीरात नेमके काय बिघडते?

आपल्या कमरेच्या वर, पाठीच्या बाजूला दोन किडन्या असतात. प्रत्येक किडनीत सुमारे 10 लाख अगदी बारीक गाळण्या असतात. रक्त त्यांतून गाळले जाते, घाण आणि जादा पाणी लघवीवाटे जाते आणि कामाच्या वस्तू रक्तातच राहतात. धान चाळताना बारीक कचरा खाली पडतो आणि दाणे वर राहतात, तसेच हे काम चालते.

नेफ्रोटिक सिंड्रोममध्ये या चाळणीची भोके सैल होतात आणि दाणेच खाली गळू लागतात. हे दाणे म्हणजे रक्तातले प्रोटीन, त्यातही मुख्यतः अल्ब्युमिन. अल्ब्युमिनचे काम रक्तातले पाणी नसांमध्ये धरून ठेवणे. ते कमी झाले की पाणी नसांबाहेर झिरपते आणि शरीर मीठ-पाणी धरून ठेवू लागते. मग डोळ्यांभोवती, पायांवर, पोटात, मुलग्यांच्या अंडकोषाच्या पिशवीवर सूज येते. लघवी कमी होते आणि तिला साबणासारखा फेस येतो. रक्तातले कोलेस्टेरॉलही वाढते.

प्रोटीनबरोबर रोगाशी लढणारे घटकही लघवीतून वाहून जातात. म्हणून या लेकरांना सूज मारत नाही, संसर्ग मारतो. हे वाक्य पुढे धोक्याच्या खुणा वाचताना आठवा.

हा आजार बहुतेक वेळा 2 ते 6 वर्षांच्या वयात सुरू होतो. मुलींपेक्षा मुलग्यांत तो साधारण दुप्पट दिसतो. तो एकाचा दुसऱ्याला लागत नाही. ताट, पाणी, अंथरूण वेगळे करण्याची काही गरज नाही. आईने गरोदरपणी काय खाल्ले, ग्रहण पाळले की नाही, याच्याशी त्याचा संबंध नाही. कुणाची नजर लागून किडनीची चाळणी सैल होत नाही. दुःखाला कारण असते आणि ते शोधून दूर करता येते, ही भगवान बुद्धांची शिकवण आपण मानतो. मग आजाराच्या वेळीही कारण शोधू या. गंडा, दोरा आणि झाडफुकीत गेलेले आठ दिवस लेकराचे असतात, आपले नसतात.

सूज आली म्हणजे हाच आजार का?

नाही. आपल्या भागात सूज येण्याची इतरही कारणे आहेत, म्हणून तपासणी लागते.

हत्तीपाय पूर्व विदर्भात आहे, त्यामुळे पायाची सूज पाहून काही जण घाबरतात. पण हत्तीपायाची सूज वर्षानुवर्षे वाढत जाते, बहुधा एका पायाला जास्त असते आणि चेहऱ्यावर येत नाही. कुपोषणातही सूज येते. पण त्यात लेकरू आधीपासून वाळलेले असते, केस विरळ आणि भुरकट होतात, आणि लघवीत प्रोटीन जात नाही. रक्त फार कमी असणे, यकृताचा किंवा हृदयाचा आजार यांतही सूज दिसते.

घशाच्या दुखण्यानंतर किंवा चिघळलेल्या खरजेनंतर दोन-तीन आठवड्यांनी किडनीला वेगळी सूज येते. तिच्यात लघवी कोऱ्या चहासारखी किंवा लालसर होते आणि रक्तदाब वाढतो. तो वेगळा आजार आहे, त्याचे उपचार वेगळे आहेत. लघवी लाल दिसली तर त्याच दिवशी दवाखाना गाठा.

निदानासाठी फार मोठे मशीन लागत नाही. लघवीत प्रोटीन 3+ किंवा 4+, रक्तात अल्ब्युमिन कमी, कोलेस्टेरॉल जास्त आणि अंगावर सूज, एवढ्यावर आजार ओळखता येतो. लघवीची पट्टी प्राथमिक आरोग्य केंद्रातही लावता येते. डोळे सुजलेले लेकरू घेऊन गेलात आणि नुसती अॅलर्जीची गोळी मिळाली, तर नम्रपणे पण ठामपणे म्हणा, "लघवीतले प्रोटीन तपासून द्या." हे विचारणे हा आपला हक्क आहे.

औषध : बारा आठवड्यांचा रस्ता

मुख्य औषध प्रेडनिसोलोन. ही स्टेरॉइडची गोळी आहे. ती स्वस्त आहे आणि जनऔषधी दुकानातही मिळते. पहिल्यांदा आजार झाला तर आपल्या देशात साधारण अशी पद्धत आहे : पहिले 6 आठवडे रोज गोळी, त्यानंतरचे 6 आठवडे कमी डोस, एक दिवसाआड, सकाळी. म्हणजे एकूण 12 आठवडे.

रोजच्या गोळीचा डोस वजनाच्या हिशेबाने किलोमागे सुमारे 2 मिलिग्रॅम असतो. 15 किलोच्या लेकराला 30 मिलिग्रॅम, म्हणजे 10 मिलिग्रॅमच्या 3 गोळ्या होतात. हे यासाठी सांगतो की "एवढ्याशा लेकराला तीन-तीन गोळ्या?" म्हणून घरचे परस्पर एकच गोळी देतात. डोस डॉक्टरच ठरवतील, पण ठरलेला डोस घरात कापू नका. गोळी उपाशीपोटी देऊ नका, काही खाल्ल्यावर द्या.

दहापैकी साधारण नऊ लेकरांना या गोळीने गुण येतो. बहुतेकांच्या लघवीतले प्रोटीन दोन ते चार आठवड्यांत थांबते आणि सूजही उतरते. खरी परीक्षा इथेच सुरू होते. रोवणीचे दिवस असतात, मजुरी बुडते, लेकरू खेळू लागलेले असते, आणि गोळ्यांमुळे त्याचा चेहरा गोल झालेला असतो. मग कुणीतरी म्हणते, "आता कशाला देता? स्टेरॉइड वाईट असतं."

स्टेरॉइडचे दुष्परिणाम आहेत, आम्ही ते लपवणार नाही. भूक फार लागते, गाल फुगतात, अंगावर लव वाढते, लेकरू चिडचिडे होते. जास्त दिवस घेतल्यास उंची खुंटू शकते, हाडे ठिसूळ होऊ शकतात, रक्तदाब वाढू शकतो, डोळ्यात मोतीबिंदू होऊ शकतो. म्हणून प्रत्येक भेटीत वजन, उंची आणि रक्तदाब पाहायला सांगा, आणि डॉक्टर सांगतील तेव्हा डोळे तपासून घ्या. गोल चेहरा आणि लव औषध संपल्यावर हळूहळू कमी होते.

पण गोळी एकदम बंद करणे त्याहून धोक्याचे आहे. आपल्या किडन्यांच्या वर छोट्या ग्रंथी असतात. त्या शरीराला लागणारे स्टेरॉइड स्वतः बनवतात. बाहेरून गोळी सुरू असताना त्या झोपी जातात. गोळी अचानक तुटली तर शरीराला बाहेरूनही मिळत नाही आणि आतूनही मिळत नाही. लेकराला उलट्या होतात, ते गळून जाते, बेशुद्धही पडू शकते. म्हणून शेवटची पट्टी उघडली की नवी आणून ठेवा.

गोळ्या सुरू करण्याआधी डॉक्टरांना तीन गोष्टी स्वतःहून सांगा. पहिली, घरात कुणाला क्षयरोग आहे किंवा होता का. दुसरी, लेकराला सिकलसेल आहे का. गोंदिया, भंडारा, गडचिरोली, चंद्रपूर, नागपूर या पट्ट्यात आपल्या समाजात आणि आदिवासी बांधवांत सिकलसेल बराच आहे, आणि सिकलसेलच्या लेकराला स्टेरॉइड देताना जास्त सावध राहावे लागते. सिकलसेलमुळेही लघवीत प्रोटीन जाऊ शकते. तिसरी, गेल्या काही दिवसांत घरात किंवा शेजारी कांजण्या निघाल्या आहेत का.

सूज उतरवायला झोलाछाप डॉक्टर "लघवीची गोळी" देतात. ती तपासणीशिवाय कधीही देऊ नका. या आजारात नसांतले पाणी आधीच कमी असते. ते आणखी काढले तर रक्त घट्ट होऊन गुठळी होऊ शकते, लेकरू अत्यवस्थ होऊ शकते.

सकाळची लघवी आणि घरची वही

1827 साली लंडनमधल्या गाइज हॉस्पिटलचे डॉक्टर रिचर्ड ब्राइट यांनी सुजलेल्या रुग्णांच्या लघवीत प्रोटीन असते हे जगाला दाखवले. त्यांची प्रयोगशाळा म्हणजे एक चमचा आणि एक मेणबत्ती. लघवी तापवली की त्यातले प्रोटीन गोठून पांढरे होते, अंड्याचा पांढरा भाग उकळल्यावर गोठतो तसे. आज आपल्या घरात करायची तपासणी त्याच तत्त्वावर आहे.

लेकराला रात्री झोपण्याआधी लघवी करायला लावा. सकाळची पहिली लघवी स्वच्छ भांड्यात घ्या. तपासण्याच्या तीन रीती आहेत.

1. पट्टी : लघवीत बुडवून डबीवरच्या रंगांशी जुळवायची. सर्वांत सोपी, पण थोडी महाग.

2. उकळण्याची रीत : काचेची परीक्षानळी तीन-चतुर्थांश भरा. नळी तिरकी धरून फक्त वरचा भाग तापवा. नळीचे तोंड स्वतःकडे किंवा लेकराकडे नको. वर पांढुरके दिसले तर पातळ अॅसेटिक अॅसिडचे दोन-तीन थेंब टाका. पांढरेपणा गेला तर ते क्षार होते. राहिला तर ते प्रोटीन आहे.

3. सल्फोसॅलिसिलिक अॅसिडचे थेंब : तापवावे लागत नाही. किती थेंब टाकायचे ते बाटली देणाऱ्याकडून समजून घ्या. बाटली लेकरांच्या हाती लागणार नाही अशा ठिकाणी ठेवा.

दुसऱ्या आणि तिसऱ्या रीतीत गढूळपणा मोजायला नळीमागे छापील कागद धरा, हे मासिक धरले तरी चालेल.

नळी स्वच्छ : प्रोटीन नाही.
किंचित धुरकट : अगदी थोडे.
धुरकट पण अक्षरे वाचता येतात : 1+
अक्षरे पुसट, फक्त जाड काळे दिसते : 2+
काहीच दिसत नाही, पांढरे कण : 3+
दह्यासारखे गोठले : 4+

दहा रुपयांची वही आणा आणि पाच रकाने आखा : तारीख, लघवीतले प्रोटीन, वजन, किती गोळ्या दिल्या, आणि ताप-सर्दी-सूज काही असल्यास. आजार उसळलेला असताना किंवा सर्दी-ताप असताना रोज तपासा. सर्व ठीक असताना आठवड्यातून एक-दोनदा पुरे. वजन अंगणवाडीच्या काट्यावर करा. आईला लिहिता येत नसेल तर मोठ्या बहिणीने किंवा शाळेत जाणाऱ्या भावाने लिहावे. अधिकांचे चिन्ह काढायला शाळा लागत नाही.

वहीचा अर्थ असा लावा. सलग तीन दिवस नळी स्वच्छ किंवा किंचित धुरकट, म्हणजे आजार शमला. सलग तीन दिवस 3+ किंवा 4+, म्हणजे आजार उलटला. उलटलेला आजार वहीत आधी दिसतो, सूज नंतर येते. त्या मधल्या दिवसांत दवाखान्यात पोचलात तर बहुतेक वेळा भरती करावे लागत नाही, मोठा खर्च आणि मोठा धोका दोन्ही टळतात.

आजार पुन्हा उलटला तर

पुष्कळ लेकरांमध्ये हा आजार उलटतो. अनेकदा साध्या सर्दी-खोकल्याचे निमित्त होते. हा आईचा दोष नाही, औषध फसल्याची खूण नाही. गोळी पुन्हा सुरू होते. लघवी तीन दिवस स्वच्छ येईपर्यंत रोज, त्यानंतर साधारण 4 आठवडे दिवसाआड. पण हे परस्पर सुरू करू नका, वही घेऊन डॉक्टरांकडे जा.

सहा महिन्यांत दोनदा उलटला, किंवा पहिले 6 आठवडे रोज गोळी देऊनही प्रोटीन थांबले नाही, तर किडनीच्या तज्ज्ञाला दाखवावे लागते. कधी किडनीचा बारीक तुकडा सुईने काढून तपासतात. त्याने किडनी निकामी होत नाही. लेव्हामिसोल, मायकोफेनोलेट, सायक्लोफॉस्फामाइड, टॅक्रोलिमस अशी दुसरी औषधेही आहेत. स्टेरॉइडने गुण येणाऱ्या बहुतेक लेकरांचा आजार मोठेपणी सुटतो आणि त्यांची किडनी चांगली राहते. ही लेकरे शिकतात, खेळतात, नोकरी करतात.

जेवण आणि लसी

सूज असताना मीठ कमी करा, बंद करू नका. भाजी-वरणात बेताचे मीठ चालेल. लोणचे, पापड, मिरगुंड, सुकट, खारे शेंगदाणे आणि दुकानातली पाच-दहा रुपयांची चटपटीत पाकिटे बंद. सूज उतरल्यावर घरातले नेहमीचे जेवण द्या. डाळ, अंडे, दूध, ताजी मासळी बंद करू नका. "किडनीच्या आजारात डाळ नको" हे सांगणे या लेकरांना लागू नाही. पण प्रोटीन पावडरचे महाग डबे आणण्याचीही गरज नाही. गोळ्यांमुळे भूक वाढते, तेव्हा तळलेले आणि गोड यांऐवजी काकडी, पेरू, फुटाणे, मुरमुरे द्या. डॉक्टरांनी सांगितल्याशिवाय पाणी तोडू नका.

जास्त डोस सुरू असताना जिवंत जंतूंच्या लसी, उदाहरणार्थ गोवर-रुबेला, कांजण्या आणि पोलिओचे तोंडी थेंब, देत नाहीत. लसीकरणाच्या दिवशी आणि पोलिओ रविवारी आशाताईंना औषधाची चिठ्ठी दाखवा. न्यूमोकोकलची लस मात्र या लेकरांना फार गरजेची आहे, तिच्याबद्दल डॉक्टरांना विचारा.

या खुणा दिसल्या तर त्याच दिवशी दवाखाना

- ताप, आणि त्यासोबत पोटात जोरात दुखणे
- अंगावर लाल, गरम, दुखणारा चट्टा
- धाप लागणे
- बारा तास लघवी न होणे
- वारंवार उलट्या-जुलाब, किंवा गोळी पोटात न टिकणे
- डोके फार दुखणे, नीट न दिसणे, झटके येणे
- एकच पाय अचानक सुजून दुखणे
- कांजण्या झालेल्या मुलाशी संपर्क, पुरळ उठण्याची वाट न पाहता

रात्र असेल तर 108 ला फोन करा. गाडीत बसताना वही आणि औषधांची चिठ्ठी सोबत घ्या. "लेकरू स्टेरॉइडवर आहे" हे पहिल्या वाक्यात सांगा.

कुठे जायचे, काय मागायचे?

आधी आपले प्राथमिक आरोग्य केंद्र किंवा ग्रामीण रुग्णालय. तिथून बालरोगतज्ज्ञासाठी गोंदियाचे शासकीय वैद्यकीय महाविद्यालय. किडनीच्या तज्ज्ञासाठी नागपूरला सुपर स्पेशालिटी रुग्णालय किंवा मिहानमधले एम्स. देवरी, सालेकसा, अर्जुनी मोरगावहून नागपूरची एक फेरी म्हणजे दोन दिवसांची मजुरी. म्हणून पहिल्याच भेटीत विचारा, "पुढची तपासणी गोंदियाला करून चालेल का?" पुष्कळदा चालते.

अंगणवाडी आणि शाळेत राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचे पथक येते, त्यांना लेकरू दाखवा. भरती करायची वेळ आली तर रेशनकार्ड आणि आधार घेऊन रुग्णालयातल्या आरोग्यमित्राला भेटा आणि महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत उपचार बसतो का ते लिहून मागा. कामासाठी विटाभट्टीवर, रायपूरला किंवा हैदराबादला जाताना संपूर्ण मुक्कामाच्या गोळ्या, वही आणि चिठ्ठीची झेरॉक्स बांधून न्या.

विहाराने काय करावे?

बाबासाहेब आणि माता रमाई यांनी गंगाधर, रमेश, इंदू आणि राजरत्न ही चार लेकरे लहानपणीच गमावली. त्या काळात नेफ्रोटिक सिंड्रोम झालेल्या लेकरांपैकी निम्म्याहून जास्त दगावत, कारण ना जंतूंवरची औषधे होती ना स्टेरॉइड. ती औषधे 1940 आणि 1950 च्या दशकांत आली आणि चित्र पालटले. आज औषध आपल्या तालुक्यात मिळते. आता लेकरू दगावले तर ते अज्ञानाने आणि अर्धवट उपचाराने दगावेल, आणि हे थांबवणे आपल्याला जमण्यासारखे आहे.

तथागतांनी आजारी, एकट्या पडलेल्या भिक्खूला आनंदासोबत स्वतःच्या हातांनी धुतले-पुसले आणि संघाला एकमेकांची शुश्रूषा करायला सांगितले, ही कथा विनयपिटकात आहे. आपल्या विहारात रविवारच्या वंदनेनंतर दहा मिनिटे यासाठी काढता येतील. विहारात एक परीक्षानळी, तपासणीची बाटली आणि वजनकाटा ठेवा. महिला मंडळाने वस्तीतल्या अशा लेकरांच्या वह्या आठवड्यातून एकदा पाहाव्यात. आई रोवणीला किंवा बिडीच्या कामाला गेली तर गोळी कोण देणार, हे शेजारणींनी आपसांत वाटून घ्यावे. शाळेत गोल चेहऱ्यावरून लेकराला चिडवत असतील तर गुरुजींशी बोलावे. मुलगी आजारी असेल तर तिच्या गोळ्याही मुलाच्या गोळ्यांइतक्याच वेळेवर आल्या पाहिजेत.

या रविवारी वस्तीत एक चक्कर मारा. सकाळी डोळे सुजणारे लेकरू दिसले तर त्याच्या आईला हे पान वाचून दाखवा आणि सोमवारी तिच्यासोबत लघवी तपासायला जा.

जयभीम!